पळसाच्या पानांचा पणजोबा

माझ्या पणजीवर अन्याय झाला तो एकोणीसशे एकेचाळीसच्या सर्वपित्री अमावास्येला, सकाळी, गावच्या बंदरावर. त्या सकाळी तिच्या डाव्या हातातल्या बांगड्या दगडावर फोडल्या आणि तिला विधवा केलं. तिचा नवरा तेव्हा जिवंत होता. जर्मनीत काटेरी तारेच्या आत होता. पुढे ज्यांना हे कळलं त्यांनी कळवलं नाही, आणि आज ज्यांना हे ठाऊक आहे ते दगडावर खोटं कोरतात. म्हणून हे लिहिते आहे. एरवी मी तळोज्याच्या कारखान्यांनी नदीत सोडलेल्या पाण्याबद्दल पत्रकं लिहिते. घरच्या माणसांबद्दल लिहायची मला सवय नाही. जमेल तसं लिहिते.

डाव्याच हातातल्या बांगड्या का, ते आधी सांगते. आमच्या सोनकोळ्यांत पूर्वी नवरी लग्नात उजव्या हातातल्या बांगड्या दर्याला द्यायची. माझा माणूस तुझ्यावर येणार आहे, त्याला सांभाळ, एवढंच मागणं. मग उजवा हात जन्मभर मोकळा. पणजीने तिच्याकडून द्यायचं ते देऊन ठेवलं होतं. दर्यानेही पणजोबाला सांभाळलं. फसवलं ते माणसांनी.

पणजोबा शिपाई नव्हता. हे नीट लक्षात ठेवा, कारण पुढचा सगळा घोळ इथेच आहे. तो मालवाहू बोटीवर खलाशी होता. दोर ओढायचे, डेक धुवायचा, गंज खरवडायचा. बंदूक त्याने आयुष्यात हातात धरली नाही. लढाई साहेबांची, बोट साहेबांच्या कंपनीची, आणि हिंदी महासागरात साध्या व्यापारी बोटीचं सोंग घेऊन आलेल्या जर्मन बोटीने तोफा उघड्या केल्या तेव्हा डेकवर उभा होता आमचा माणूस. पाण्यातून त्यांनीच त्याला वर काढला. आधी त्यांच्या बोटीच्या पोटात, मग फ्रान्सच्या किनाऱ्यावर, मग रेल्वेच्या बंद डब्यातून जर्मनीत. ब्रेमेन शहराच्या बाजूला व्यापारी बोटींवरच्या लोकांसाठी वेगळी छावणी होती. तिच्यात हिंदुस्थानी खलाशांची जागा निराळी. कैद सगळ्यांची एकच, तरी तारेच्या आतही गोऱ्यांपासून काळे बाजूला काढलेले.

इकडे गावात काय कळलं? खलाशी भरती करणारा सारंग होडीने आला आणि बंदरावर उभ्या उभ्या म्हणाला, "बोट गेली. माणूस नाय वाचला." पाणीसुद्धा न पिता तो परत गेला. त्याला तेवढंच सांगितलं होतं, त्याने तेवढंच सांगितलं.

हे सगळं मला सांगणारी बाई म्हणजे पणजोबाची थोरली मुलगी. नात्याने माझ्या बाबांची आत्या, पण घरात सगळे तिला आत्याच म्हणतात, मीही. आता नव्वदीला टेकली आहे. गावातलं घर सोडायला तयार नाही. मी करंजाड्याहून स्कूटरवर जाते आणि ती मला पहिला प्रश्न विचारते, "आज कोनाशी भांडून आलीस?"

त्या अमावास्येला ती चार वर्षांची होती. बाकीचं विसरली असेल, ते विसरलेली नाही.

नारळी पौर्णिमेनंतर होड्या बाहेर पडल्या आणि जाळी रिकामी येऊ लागली. एकदा झालं, दोनदा झालं. मग गावातल्या म्हाताऱ्यांनी ठरवलं की बुडालेला माणूस अस्वस्थ आहे, त्याचं कार्य झालेलं नाही, म्हणून तो मासा हाकलतो आहे. कुणी म्हणालं, बेपत्ता माणसाची बारा वर्षं वाट बघायची असते. त्याला उत्तर मिळालं, बारा वर्षं गावाने खायचं काय? आणि सारंग स्वतः सांगून गेलाय, तो काय खोटं बोलेल?

देह नसेल तर पळसाच्या पानांचा करतात. हात पानांचे, पाय पानांचे, छाती पानांची. डोक्याच्या जागी नारळ. पानांच्या त्या माणसाला तिरडीवर बांधला, पणजीला समोर बसवली आणि मग किनाऱ्यावर अग्नी दिला.

"नारल फुटला ना गो," आत्या सांगते, "तवा मी आयच्या मांडीवर उडाले. आय नाय हालली. तिची नजर दर्यावर. एकच म्हनाली, ह्यो तो नव्हं."

त्यानंतर काही दिवसांनी जाळी भरली. मोसमच तो, भरणारच होती. पण गावाला पुरावा मिळाला आणि पणजीचं तोंड बंद झालं. ती बोलेना तर बायका म्हणायच्या, "ही रडत पन नाय. हिचं काय ते हिलाच ठाव."

मला राग येतो तो गावाचा नंतर. आधी कंपनीचा. कारण पणजोबा सुटून मुंबईत उतरला तेव्हा कंपनीच्या कचेरीतला माणूस त्याला सहज म्हणाला, "हां, तू त्या छावणीत होतास. आम्हाला खबर आली होती." कधी आली होती, हे त्याने विचारलं. बरेच दिवस झाले, म्हणाला. मग घरी का नाही कळवलं? तर गाव लांब, तिकडे वाचणारं कोण.

लांब? भाऊच्या धक्क्यावर उभं राहिलं की समोर आमचा किनारा दिसतो. लढाई चालू असताना, बॉम्ब पडत असताना, जर्मनीतून मुंबईपर्यंत खबर आली. मुंबईतून खाडीपलीकडे आली नाही. आमची मासळी विकायला रोज होडी मुंबईला जात होती, त्या होडीतल्या कुणालाही हाक मारून सांगितलं असतं तरी चाललं असतं. एक वाक्य. तेवढ्यासाठी एका बाईची ऐन तारुण्यातली वर्षं पांढऱ्या कपाळाने गेली.

छावणीबद्दल पणजोबा फार बोलायचा नाही. थंडीबद्दल बोलायचा. लाकडी तळाच्या बुटांबद्दल, सलगमच्या पातळ पाण्याबद्दल. आणि सुतळीबद्दल. कैद्यांना मदतीची पार्सलं यायची, त्यांना बांधलेली सुतळी लोक फेकून द्यायचे. हा ती गोळा करायचा, सोडवायचा, आणि रात्री बसून जाळं विणायचा. पहारेकऱ्याने एकदा पकडलं. पळून जायची शिडी करतोस का, असं काहीतरी तो ओरडला असणार. ह्याने हाताने मासा दाखवला. पहारेकरी चक्रावला. त्या तारेच्या आत हात धुवायलाही पाणी मोजून, आणि हा माणूस मासे धरायला निघालाय.

त्या जाळ्याचं त्याने पुढे शिंकं केलं. आत्याच्या स्वयंपाकघरात ते अजून टांगलेलं आहे, मांजरापासून सुकट वाचवायला. मी एकदा म्हणाले, हे काचेच्या पेटीत ठेवायला पाहिजे. ती म्हणाली, "आनि सुकट कुठं ठेवू, तुज्या डोसक्यावर?"

तो परत आला पंचेचाळीस साली, लढाई संपल्यावर. होडीतून उतरला आणि बंदरावरच त्याला थांबवलं. दगड मारले नाहीत, शिव्या दिल्या नाहीत. हात जोडून थांबवलं. ज्या माणसाला गावाने जाळला तो गावात पाय कसा ठेवणार? मेलेला आहे तो. आत यायचं तर पुन्हा जन्म घ्यावा लागेल.

हे मी विनोद म्हणून सांगत नाही. तसा विधी होता आणि तो केला. सुती जाळी टिकावीत म्हणून झाडाच्या सालीच्या रंगात बुडवायची पद्धत होती. त्या रंगाचं मोठं लाकडी पिंप धुऊन आणलं. त्यात पाणी, तूप. पणजोबाला त्यात उकिडवा बसवला, गुडघे छातीशी, मुठी आवळलेल्या, पोटातल्या पोरासारखा. मग बाहेर काढला, पुसला, डोक्याचे केस काढले, फडक्यात गुंडाळला, त्याचं बारसं केलं. तेच नाव पुन्हा कानात सांगितलं. लोक हसत होते, रडत होते. मिशीवाल्या बाप्याला पाळण्यातलं नाव ठेवताना बायकांना गाणं सुचेना, असं आत्या सांगते.

पिंपात बसताना तो एवढंच म्हणाला, "तिकडं तारंत बसवला, हिकडं पिंपात. बसवा."

बाहेर आल्यावर त्याने विचारलं, मला जाळला कुठं? जागा दाखवली. तिथे जाऊन तो बसला, बिडी ओढली, आणि मगच घराकडे निघाला.

घरी जाऊनही संपलं नाही. नव्याने जन्मलेल्या माणसाला बायको कुठून असणार? लग्न पुन्हा लावायचं ठरलं. हिरवा चुडा आणला. आणि तिथे माझी पणजी पहिल्यांदा बोलली. उजव्या हातातल्या बांगड्या दर्याला द्यायची वेळ आली तेव्हा तिने हात मागे घेतला.

"देनार नाय," ती म्हणाली. "माजं दर्याशी भांडान नाय. त्यानं माजा मानूस परत दिला. बांगड्या फोडल्या त्या तुमी. आता दोन्ही हातांत घालनार, आनि ज्याला फोडायच्या त्यानं आधी माज्या नवऱ्याला हात लावून बगायचा, थंड हाय का गरम."

सासूने विनवलं, बायकांनी टोमणे मारले, दर्या कोपेल म्हणाले. दोन्ही हात भरून ती मांडवात उभी राहिली आणि मरेपर्यंत तशीच वावरली. बाजारात बायका म्हणायच्या, "बगा, आली दोन हातांची." आत्याही दोन्ही हातांत बांगड्या घालते. तिच्या उजव्या हाताकडे बघून गावातलं कुणी काही बोललं, तर मला वाटतं ती अजूनही मासळीचा कोयता काढेल.

या दुसऱ्या लग्नानंतर दोन मुलगे झाले, देश स्वतंत्र झाल्यावर. धाकटा माझा आजोबा. थोरल्याचा मुलगा म्हणजे माझे काका, आणि आता गोष्ट काकांवर येते.

काका गावच्या स्मारक समितीचे अध्यक्ष आहेत. वाईट माणूस नाही. जमिनी गेल्या, खाडी बुजली, गावात भाडेकरू गावकऱ्यांपेक्षा जास्त झाले, तर आपल्या गावाचं काहीतरी उभं राहावं असं त्यांना मनापासून वाटतं. म्हणून बंदराजवळ वीरस्तंभ. काळा ग्रॅनाइट, सोनेरी अक्षरं, प्रजासत्ताक दिनाला पाहुण्यांच्या हस्ते अनावरण. सुकापूरच्या रस्त्यावरच्या कारागिराकडे दगड तयार झाला तेव्हा काकांनी मला फोनवर फोटो पाठवला. खाली लिहिलं होतं, "बघ, नेहमी तक्रार करतेस. तुझ्या पणजोबाचं नाव घातलंय."

नाव होतं. नावाच्या आधी लिहिलं होतं 'हुतात्मा'. पुढे, 'सन १९४१'.

मी लगेच फोन लावला. "काका, ते पंचेचाळीसला परत आले होते."

"मला सांगतेस? मी त्यांच्या मांडीवर खेळलोय."

"मग हुतात्मा कसे?"

"गावाने अंत्यविधी केला होता ना? विधी झाला म्हणजे झाला. पहिला जन्म तिथे संपला. त्या जन्माचे ते हुतात्मा."

"युद्धकैदी लिहा. खरं ते लिहा."

काका आवाज खाली आणून म्हणाले, "कैदी? गावच्या स्तंभावर? लोक विचारतील कुठल्या जेलात होता, तळोज्याच्या का? अगं, मान देतोय आपण."

मान. जिवंत राहिला म्हणून ज्याचा मान होत नाही, त्याला मारून मान द्यायचा. आपल्या देशातही तेव्हा कैद्यांच्या छावण्या होत्या. पकडलेले इटालियन सैनिक भोपाळजवळ, बंगळुरूला, हिमालयाच्या पायथ्याशी ठेवले होते. त्यांची नाटकं, त्यांनी काढलेली चित्रं, त्यांच्या कबरी, सगळ्याबद्दल हौसेने लिहिलं जातं. लिहा, माझी हरकत नाही. पण आमचा खलाशी शत्रूच्या तारेत वर्षं काढून आला, तर त्याला लपवायचं कशाला? त्याने कुणाचा खून केला होता? शरण गेला म्हणता, तर समुद्रात पोहणारा निःशस्त्र माणूस शरण जाणार नाही तर काय करणार, पाण्याला गुद्दे मारणार?

मी फोटो आत्याला दाखवला. ती सावकाश वाचते, एकेक अक्षर ओठांवर घेऊन. वाचून झाल्यावर म्हणाली, "हुतात्मा म्हंजे मेलेला ना गो?"

"हो. देशासाठी मेलेला."

"मंग माजा बापूस तारंत बसला त्याचं काय? ते कवा लिवनार?"

पुढच्या रविवारी समितीची बैठक समाजमंदिरात होती. आत्याला मी रिक्षातून नेलं. तिला बघून काका उठले, खुर्ची दिली. "आत्या, तू कशाला त्रास घेतलास, मी घरी आलो असतो."

"घरी येऊन काय करनार होतास? चा पिनार होतास."

लोक हसले. काकांनी सगळं पुन्हा समजावलं, विधी, पहिला जन्म, मान, पाहुणे. चांगलं बोलतात ते. दोघंतिघं माना डोलावत होते. मी पत्रकातली चार वाक्यं मनात जुळवून उठणार, तेवढ्यात आत्याने माझ्या दंडाला धरून मला खाली बसवलं.

"एवडंच विचारते," ती काकांना म्हणाली. "दगडावर माजा बाप एकेचालीसला मेला. बरोबर?"

"हो."

"तुजा बापूस जन्मला कवा?"

"स्वातंत्र्यानंतर."

"मंग तो रे कुनाचा?"

मागच्या बाजूला कुणीतरी फस्सकन हसलं आणि सगळं समाजमंदिर हसलं. काका लाल झाले. आत्या हसली नाही.

"माज्या आयवर आधीच एकदा थुंकलाय या गावानं," ती म्हणाली. "तिचा नवरा जित्ता असताना तिला रांड केली. आता तू दगडावर लिवून तिची पोरं पन काडून घेतोस? लिव, कैदी होता. लिव, जित्ता परत आला. त्यात कसली लाज? लाज त्यांनी धरायची ज्यांना ठाव होतं आनि गप बसले."

बैठक तिथेच मोडली. मला वाटलं, जिंकलो. मी त्या रात्री पत्रक छापायलाही बसले नाही, एवढी खात्री होती.

प्रजासत्ताक दिनाला आत्याला मी पुढच्या रांगेत बसवलं. पाहुण्यांनी पडदा ओढला. वीरस्तंभ चकचकीत होता. एका ओळीच्या जागी काळी लांबी, म्हणजे भेगा बुजवायचा लगदा, भरून दगड गुळगुळीत केला होता. हुतात्मा नाही, कैदी नाही, नाव नाही. वाद नको म्हणून काढून टाकलं, असं काकांनी नंतर मला सांगितलं. दोन्ही बाजूंचं समाधान, म्हणाले. उजेड तिरका पडला की लांबीखाली सोनेरी कडा अजून दिसते.

आत्या उठून स्तंभापर्यंत गेली. गुळगुळीत जागेवर उजव्या हाताचा तळवा ठेवला. बांगड्या दगडावर वाजल्या. परत आली आणि मला म्हणाली, "पुन्ना जालला गो. या टायमाला पानं पन नाय घातली."

मी काकांशी बोलत नाही. समितीला अर्ज दिला आहे, ग्रामसभेत विषय मांडला आहे, आणि दर खेपेला तो पुढच्या वेळेवर ढकलला जातो. ते कशाची वाट बघताहेत हे मला कळतं. नव्वदीच्या बाईची वाट बघताहेत. ती गेली की ज्याने तो नारळ फुटताना ऐकला असं कुणी उरणार नाही, आणि मग लांबी कायमची.

हा प्रश्न माझ्या एकटीच्या गावाचा नाही. या खाडीच्या दोन्ही काठांवरून खलाशी गेले, हिंदू गेले, मुसलमान गेले. त्यातले काही बुडाले, काही पकडले गेले, काही परत आले आणि गप्प बसले, कारण त्यांच्या परत येण्याला कुणाकडे जागा नव्हती. तुमच्या घरात असा माणूस असेल. एखाद्या म्हातारीला त्याच्याबद्दल माहीत असेल आणि तिला कुणी विचारलं नसेल.

तिला आज विचारा, उद्यावर टाकू नका. मग तुमच्या गावच्या दगडासमोर जा, त्यावर मेलेल्यांची नावं वाचा, आणि ज्यांनी तो उभा केला त्यांना सगळ्यांदेखत विचारा की तारेतून जिवंत परत आलेले कुठे आहेत. उत्तर मिळेपर्यंत तिथून हलू नका.